बटा तिच्या, कपाळही तिचंच

दहावीचा निकाल लागला की लातूरचा ट्यूशन एरिया आणि नांदेडचा श्यामनगर-बाबानगरचा भाग परभणी, हिंगोली, बीड, धाराशिवकडून आलेल्या मुलामुलींनी भरून जातो. खोली, मेस, शिकवणीची फी, चाचण्यांचं वेळापत्रक हे सगळं ठरतं आणि मुलींच्या वाट्याला त्याखेरीज केसांचीही एक आचारसंहिता येते. शाळेत दोन वेण्या आणि रिबिनी हा नियम उघड असतो. अकरावी-बारावीत, वसतिगृहात, शिकवणीत तो कागदावर नसला तरी टोमण्यांतून पोचतो. कपाळावर कापलेल्या बटा दिसल्या की ‘शिकायला आलीस की नटायला?’ हा प्रश्न ठरलेला. त्या बटा वाऱ्याने, घामाने विस्कटल्या तर ‘झिपऱ्या आवर’, आणि आवरून नीट बसवल्या तर ‘आरशापुढून हल जरा’. म्हणजे विस्कटल्या तरी बोलणी आणि नीट ठेवल्या तरी बोलणी. या लेखाचं म्हणणं साधं आहे. मराठवाड्याच्या पाण्यात आणि उन्हात कपाळावरच्या बटा दिवसभर जागेवर ठेवणं हे थोड्या समजुतीचं आणि थोड्या कष्टाचं काम आहे. ते नेमाने करणाऱ्या मुलीला बेशिस्त म्हणणं चूक आहे. संस्थेचा अधिकार तिच्या डोळ्यांवर केस येतात का आणि प्रयोगशाळेतल्या बर्नरजवळ ते मोकळे आहेत का, एवढं पाहण्यापुरता आहे. त्यापुढचं कपाळ तिचं आहे.

हे खूळ आताच्या मोबाइलवाल्या पिढीचं आहे, असा एक समज असतो, तो आधी बाजूला ठेवू. 1960 साली ‘लव्ह इन सिमला’ हा चित्रपट आला आणि त्यातल्या नायिकेच्या, साधनाच्या, कपाळावरच्या बटा देशभर गेल्या. दिग्दर्शक आर. के. नय्यर यांना तिचं कपाळ पडद्यावर फार रुंद दिसत होतं. ते झाकण्यासाठी हॉलिवूडची नटी ऑड्री हेपबर्न हिच्या धर्तीवर समोरचे केस कापण्यात आले. छायाचित्रणातल्या एका अडचणीवरचा हा तोडगा पुढे ‘साधना कट’ म्हणून गावोगावच्या केशकर्तनालयांत रूढ झाला. आज ज्या आज्या नातीला बटांवरून बोलतात, त्यांच्यातल्या कित्येकींनी तरुणपणी तो कट हौसेने करून घेतला होता किंवा करायची परवानगी मिळाली नाही म्हणून मनात ठेवला होता. आताच्या मुली कोरियन मालिका पाहून विरळ किंवा मधोमध दुभंगलेल्या बटा मागतात, एवढाच फरक. साठ-पासष्ट वर्षं टिकलेल्या गोष्टीला खूळ म्हणता येत नाही.

बटा जागेवर का राहत नाहीत, याचं कारण मुलीच्या स्वभावात नसून केसाच्या घडणीत आहे. केस हा केराटिन नावाच्या प्रथिनाचा बनलेला असतो. या प्रथिनाच्या साखळ्यांना धरून ठेवणाऱ्या बंधांपैकी हायड्रोजन बंध पाण्याने सुटतात आणि केस वाळताना पुन्हा जुळतात. म्हणून ओलसर कपड्यावर इस्त्री जशी चांगली बसते, तसा केसही ओला असताना ज्या वळणाने वाळवावा त्या वळणाने राहतो, आणि पुन्हा ओला झाला की ते वळण सोडतो. डोक्यावरच्या इतर केसांना हे फारसं जाचत नाही, कारण त्यांचं वजनच त्यांना खाली ओढून सरळ ठेवतं. बटा आखूड आणि हलक्या. शिवाय त्या टेकतात कपाळावर, जिथे तेलग्रंथी भरपूर आहेत आणि घाम लवकर फुटतो. एप्रिल-मे महिन्यांत नांदेड-लातूरचा पारा चाळिशी ओलांडतो, तेव्हा सकाळी सातला बसवलेली बट दहा वाजेपर्यंत घामाने ओली होते, कपाळाला चिकटते आणि चिकटलेल्या आकारातच वाळते. जुलै-ऑगस्टमध्ये हवेतली आर्द्रताच हे काम करते. त्यातून कपाळाच्या वर केसांचा भोवरा असेल तर बट आपोआप एका बाजूला दुभंगते. याला कुणी आळस म्हणेल तर त्याने आधी मे महिन्यात दुपारी बाराला स्वतःच्या कपाळावर हात फिरवून पाहावा.

याहून मोठी अडचण पाण्याची आहे. एप्रिल 2016मध्ये मिरजेहून पाण्याची रेल्वे लातूरला आली, हे देशाने पाहिलं. मांजरा धरण आटलं होतं आणि शहराला प्यायला पाणी नव्हतं. तो अतिरेकी दुष्काळ होता, पण पाण्याची ओढ ही लातूरकरांची नेहमीची गोष्ट आहे. नळ रोज येत नाही. साठवण, टँकर आणि खोल बोअर यांवर घरं आणि वसतिगृहं चालतात. नांदेडला गोदावरी आणि विष्णुपुरी प्रकल्पाचा आधार आहे, तरी भाड्याच्या खोल्यांची आणि वसतिगृहांची भिस्त बोअरवरच असते. बोअरचं पाणी बहुधा क्षारांचं. पिण्याच्या पाण्यासाठीच्या भारतीय मानकात एकूण कठीणपणाची स्वीकार्य मर्यादा लिटरला 200 मिलिग्रॅम आहे आणि दुसरा स्रोतच नसेल तर 600पर्यंत चालवून घेतलं जातं. या पाण्यातलं कॅल्शियम आणि मॅग्नेशियम साबणाशी मिळून न विरघळणारी मळी तयार करतं. शाम्पूची मळी कमी होत असली तरी क्षारांचा थर केसांवर बसतोच. मग केस खरखरीत होतो, वळण धरत नाही, फणी अडते. लांब केसांच्या वेणीत हे लपून जातं. कपाळावरच्या चार बोटं रुंद बटांमध्ये ते पहिल्यांदा दिसतं. वसतिगृहात अंघोळीला एक बादली मिळणारी मुलगी नीटनेटकी दिसत असेल, तर तिने शहरातल्या चोवीस तास पाणी असलेल्या मुलीपेक्षा जास्त कौशल्य दाखवलेलं असतं.

हे कौशल्य महागड्या बाटल्यांवर अवलंबून नाही, हेही सांगायला हवं, कारण बटांवरचा एक रास्त आक्षेप खर्चाचा आहे. केसाचा गुणधर्म समजला की उपाय बहुतेक फुकटचे आहेत. रोज डोकं धुवायची गरज नाही; बाकीचे केस बांधून ठेवून फक्त बटा धुता येतात, त्याला एक तांब्या पाणी पुरतं. तो तांब्या बोअरच्या ऐवजी पिण्याच्या जारमधला असेल तर क्षार कमी बसतात. धुतल्यावर आधी बटाच वाळवायच्या, बाकीचे केस नंतर. पंख्याखाली उभं राहून बोटांनी त्या एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे अशा कपाळालगत फिरवत राहिलं की मुळाचं वळण मोडतं आणि भोवऱ्याचा जोर कमी होतो. कपडे घालून होईपर्यंत दहा मिनिटं मोठा रोलर लावून ठेवला तरी काम होतं. तेल वेणीला जरूर लावावं. खोबरेल तेल केसातलं प्रथिन धुण्यात निघून जाण्यापासून वाचवतं, हे मॅरिको कंपनीच्या संशोधकांनी 2003 साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात दाखवलं आहे. पण ते बटांना लावू नये: तेलाने बटा झुपक्याझुपक्याने चिकटतात, आणि केसांना लावलेलं तेल किंवा क्रीम कपाळावर उतरून बारीक पुटकुळ्या येतात. त्वचारोगतज्ज्ञांच्या ग्रंथांत या प्रकारच्या मुरुमांना स्वतंत्र नावच आहे. दुपारी बटा तेलकट झाल्या तर आधी कपाळ रुमालाने टिपायचं. चिमूटभर कॉर्नफ्लोअर (मक्याचा स्टार्च) बोटांवर घेऊन मुळाशी चोळून झटकलं तरी ते तेल शोषतं, विकतच्या कोरड्या शाम्पूतही बहुधा स्टार्चच असतो. केस महिन्याला साधारण एक सेंटीमीटर वाढतो, त्यामुळे भुवईला टेकलेली बट महिन्याभरात डोळ्यात जाते. तीन-चार आठवड्यांनी टोकं कापणं एवढी एकच खरी बंधनकारक गोष्ट. तीही केस कोरडे असताना, कारण ओला केस ताणलेला असतो आणि वाळल्यावर वर चढतो. या सगळ्याला लागते ती एक फणी, एक कात्री आणि सकाळची काही मिनिटं.

रस्त्यावरची गोष्ट वेगळी. आपल्याकडे स्कूटीवर निघालेली मुलगी ऊन आणि धुळीपासून बचाव म्हणून स्कार्फ डोक्यापासून नाकापर्यंत घट्ट बांधते. तो काढला की बटा चेपून वाकड्या झालेल्या असतात. स्कार्फ बांधण्याआधी बटा सरळ खाली न ठेवता आडव्या, कपाळालगत एका बाजूला सपाट बसवल्या आणि उतरल्यावर ओल्या बोटांनी एकदा मोकळ्या केल्या तर दोन मिनिटांत त्या पूर्ववत होतात. परीक्षेच्या दिवशीचा प्रश्न आणखी नाजूक. वैद्यकीय प्रवेशाच्या ‘नीट’ परीक्षेच्या केंद्रावर धातूची वस्तू चालत नाही, तेव्हा केसांचे आकडे आणि धातूचे चाप घरीच ठेवावे लागतात. परीक्षा मे महिन्यात दुपारी दोनला सुरू होते आणि दीडला फाटक बंद होतं. म्हणजे ऐन उन्हात रांग. तीन तास उत्तरपत्रिकेवर मान खाली घालून बसायचं असताना बटा डोळ्यांवर येणं परवडणारं नाही. त्या दिवशी बटांची बारीक सागरवेणी घालून ती बाजूच्या केसांत मिळवायची आणि कापडी रबराने बांधायची, हा आपल्या आयाबायांना ठाऊक असलेला उपाय कुठल्याही स्प्रेपेक्षा भरवशाचा आहे. ज्या मुलीला बटा कधी मोकळ्या ठेवायच्या आणि कधी बांधायच्या हे कळतं, तिला प्रसंगाचं भान आहे. शिस्त म्हणून आपण ज्याची अपेक्षा करतो, ते हेच आहे.

आता आक्षेपांकडे वळू. पहिला आक्षेप वेळेचा. डॉक्टरकीच्या एकेका जागेसाठी एवढी चुरस असताना आरशापुढची पंधरा मिनिटंही चैन आहे, असं पालक म्हणतात. शिकवण्या आणि सततच्या चाचण्यांचा ‘लातूर पॅटर्न’ वेळेच्या काटेकोर हिशेबावर उभा राहिला, त्यामुळे हा मुद्दा हसण्यावारी नेण्याजोगा नाही. पण हिशेब करायचाच तर पुरता करावा. तेल लावून, भांग पाडून, दोन घट्ट वेण्या घालून त्या रिबिनीने वर बांधायलाही वेळ लागतो, आणि बहुधा दुसऱ्या कुणाचा तरी हात लागतो. घरापासून दूर राहणाऱ्या मुलीला तो मिळत नाही. शिवाय केस ओढून घट्ट बांधणं हे निरुपद्रवी नाही. सततच्या ताणाने कपाळावरचे आणि कानशिलांजवळचे केस गळतात, हा विकार वैद्यकाला शतकाहून अधिक काळ माहीत आहे. 1907 साली ग्रीनलंडमधल्या घट्ट केस बांधणाऱ्या स्त्रियांच्या निरीक्षणातून त्याची पहिली नोंद झाली. कुठली केशरचना वेळ खाते हे मोजून ठरवायची गोष्ट आहे. बटांमुळे गुण घटतात असं म्हणणाऱ्याने तसा पुरावा द्यावा. आणि कुणी खरोखर आरशापुढे तास घालवत असेल, तर बोलायचं ते त्या तासाबद्दल. मोबाइलवर तास घालवणाऱ्या मुलाच्या कपाळाला आपण दोष देत नाही.

दुसरा आक्षेप समानतेचा: गणवेशामागे जो विचार आहे तोच केसांमागे, सगळ्या सारख्या दिसाव्यात म्हणजे कुणाला उणेपणा वाटू नये. हा आक्षेप सर्वांत सभ्य आहे आणि म्हणून त्याला नीट उत्तर द्यायला हवं. गणवेश श्रीमंती-गरिबीतला डोळ्यांना दिसणारा फरक पुसतो. कपाळावर कापलेल्या बटा घरच्या कात्रीने होतात. त्यांत कुणाची ऐपत दिसत नाही. उलट गणवेश शाळा सुटल्यावर उतरवता येतो. केसांचं तसं नाही. शाळेच्या नियमासाठी केलेली केसांची रचना मुलगी घरी, लग्नसमारंभात, सुट्टीत, झोपेतही बाळगते. सहा तासांच्या संस्थेने चोवीस तासांच्या शरीरावर नियम करावा, यासाठी फार मोठं कारण लागतं, आणि ‘सारखं दिसणं’ हे तेवढं मोठं कारण नाही. नांदेडकरांना तर याचं उदाहरण दुसरीकडे शोधायलाही जायला नको. 1708 साली श्री गुरु गोविंदसिंगजींनी जिथे देह ठेवला, त्या सचखंड हुजूर साहिबच्या शहरात केस राखलेली आणि पगडी बांधलेली मुलं पिढ्यान् पिढ्या इतरांच्या शेजारी बसून शिकत आली आहेत. नीटसारख्या कडक परीक्षेतही धार्मिक वेशातल्या उमेदवारांना तपासणीसाठी लवकर या, एवढंच सांगितलं जातं. तिथे केसांचा प्रश्न श्रद्धेचा आहे आणि बटांचा आवडीचा, दोहोंचं वजन एक नाही, हे मान्य. तरी त्या शीख परंपरेतली एक गोष्ट सर्वांनी घेण्याजोगी आहे. केशासोबत तिथे कंगाही, म्हणजे फणीही, सांगितला आहे. दिवसातून दोनदा केस विंचरावेत हा नेम आहे आणि ते बांधायला वस्त्र आहे. नीटनेटकेपणाची अपेक्षा आणि त्याचं साधन तिथे एकत्र येतं. वसतिगृहात मात्र आपण अपेक्षा ठेवतो आणि पाणी, आरसा, वेळ यांपैकी काहीच पुरेसं देत नाही.

तिसरा आक्षेप बहुधा स्पष्ट बोलला जात नाही, पण खरा तोच असतो: बटा ठेवणारी मुलगी ‘वळणाची’ नाही. केसांवरून बाईचं चारित्र्य ठरवण्याची सवय महाराष्ट्राला जुनी आहे आणि ती मोडण्याचा इतिहासही महाराष्ट्राचाच आहे. विधवांचं केशवपन ही रूढी म्हणजे केसांच्या मार्गाने बाईच्या साऱ्या आयुष्यावर घातलेला ताबा होता. 1890 साली कामगार पुढारी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने मुंबईतल्या नाभिकांनी एकत्र येऊन हे काम आम्ही करणार नाही असं ठरवलं. ज्यांच्या हातात वस्तरा होता त्यांनीच तो खाली ठेवला. शाळेतला टोमणा आणि ती रूढी एका मापाची नाही, हे उघड आहे. पण केस पाहून बाईबद्दल निकाल द्यायचा, ही रीत दोन्हीकडे एकच आहे. कायदाही आता या बाबतीत मुका नाही. 2009च्या शिक्षण हक्क कायद्याचं 17वं कलम शारीरिक शिक्षेइतकाच मानसिक छळालाही मज्जाव करतं. विक्रोळीच्या एका शाळेत 2017 साली नियम मोडले म्हणून विद्यार्थ्यांचे केस कापण्यात आले, तेव्हा प्रकरण पोलिसांत गेलं आणि अटकही झाली. त्याच वर्षी जपानमध्ये ओसाकातल्या एका विद्यार्थिनीने केस काळे करण्याच्या सक्तीविरुद्ध दावा लावला. 2021मध्ये न्यायालयाने नियम बेकायदा ठरवला नाही, पण त्यापायी तिला वर्गातून ज्या रीतीने वगळलं गेलं त्याची भरपाई द्यायला लावली; पुढच्या वर्षी टोकियोच्या सरकारी शाळांनी अशी सक्ती काढून टाकली. शिस्तीसाठी जगभर नावाजलेल्या देशाला हे जमतं, तर आपल्याला अवघड काय?

नियम नको, असं इथे कुणी म्हणत नाही. नियम कामापुरता असावा. वर्गात डोळे मोकळे दिसावेत. प्रयोगशाळेत, कार्यशाळेत आणि मेसच्या स्वयंपाकघरात केस बांधलेले असावेत. उवा-कोंडा झाला तर वेगळं बोलावून औषध सांगावं. हाच नियम मुलांच्या कपाळावरच्या झुलपांनाही तितकाच लागू असावा. वसतिगृहांनी अंघोळीच्या पाण्याचा कठीणपणा एकदा तपासून घ्यावा आणि शक्य असेल तिथे शेवटच्या धुण्यापुरतं तरी मऊ पाणी द्यावं. ते केसांइतकंच त्वचेलाही उपकारक आहे. मुलींच्या बाजूनेही एक जबाबदारी आहे. बटा ठेवायच्या तर त्या वेळेवर कापायच्या, स्वच्छ ठेवायच्या, परीक्षेच्या दिवशी बांधायच्या आणि जाहिरातीतल्या सीरमवर मेसचे पैसे घालवायचे नाहीत. एवढं तिने केलं की तिचं काम संपलं, आणि तिथेच शिक्षकांचं व पालकांचं या बाबतीतलं कामही संपतं. नव्या सत्राची नियमावली लिहिताना शाळांनी, वसतिगृहांनी आणि शिकवणीचालकांनी केसांबद्दल एकच ओळ ठेवावी: डोळ्यांवर येऊ देऊ नयेत आणि प्रयोगशाळेत, कार्यशाळेत, स्वयंपाकघरात बांधलेले असावेत. बाकीच्या ओळी खोडून टाकाव्यात.